मागेल त्यालाच

प्रयागराजला पोस्टिंग झालं की गावाकडून दोन प्रकारचे फोन येतात. पहिला गंगाजलासाठी, दुसरा द्रौपदी घाटासाठी.

गंगाजलाचं समजावून सांगायला नको. द्रौपदी घाट मात्र फौजेबाहेरच्या वाचकांना ठाऊक नसेल. संरक्षण लेखा विभागाचं पेन्शनचं मुख्य कार्यालय तिथे आहे. शिपायापासून सुभेदार मेजरपर्यंत आणि कॅप्टनपासून जनरलपर्यंत, निवृत्त झालेल्या आर्मीवाल्याची पीपीओ, म्हणजे पेन्शन पेमेंट ऑर्डर, तिथूनच निघत आली आहे. साताऱ्याच्या मिलिटरी अपशिंग्यात किंवा कोल्हापूरच्या एखाद्या वाडीत, पत्र्याच्या पेटीत प्लॅस्टिकच्या पिशवीत घालून जपलेला कागद असतो, त्याच्यावर हा पत्ता असतो. ज्याने आयुष्यात कधी अलाहाबाद पाहिलं नाही त्यालाही 'द्रौपदी घाट, इलाहाबाद' तोंडपाठ असतं. आता सगळं 'स्पर्श' नावाच्या संगणक प्रणालीवर गेलं आहे, पण म्हाताऱ्या माणसांच्या तोंडी घाटच आहे.

या फोनवर एक प्रश्न हमखास येतो. "साहेब, पेपरात आलंय, सुप्रीम कोर्टानं निकाल दिला. मग आमच्या खात्यात का नाही आलं?"

प्रश्न साधा आहे, पण त्याचं उत्तर फोनवर देता येत नाही. ते पन्नास वर्षांच्या खटल्यांमध्ये विखुरलेलं आहे. त्यातला मला सगळ्यात बोलका वाटतो तो रँक पेचा खटला, म्हणून तिथूनच सुरुवात करतो.

चौथा वेतन आयोग १ जानेवारी १९८६ पासून लागू झाला. तोवर आर्मीत प्रत्येक हुद्द्याची वेगळी वेतनश्रेणी होती. या आयोगाने सेकंड लेफ्टनंटपासून ब्रिगेडियरपर्यंत सगळ्यांना एकच लांबलचक श्रेणी दिली, २३०० ते ५१०० रुपये. हेतू चांगला होता. आपल्याकडे पिरॅमिड वर फार निमुळता आहे. मेजरचा कर्नल होणं सगळ्यांच्या नशिबी नसतं, आणि बढती हुकली म्हणून पगारही थिजावा हे बरोबर नाही. श्रेणी एकच असली म्हणजे निदान वार्षिक वाढ तरी चालू राहते. पण मग कॅप्टन आणि ब्रिगेडियर यांच्यातला फरक पगारात दिसायचा कसा? त्यासाठी रँक पे आला. कॅप्टनला महिना २००, मेजरला ४००, लेफ्टनंट कर्नलला ६००, कर्नलला ८०० आणि ब्रिगेडियरला १२०० रुपये. हा पैसा मूळ पगारावर मिळायचा होता, आणि तो महागाई भत्त्यासाठी व पेन्शनसाठी धरला जायचा होता.

आता गंमत पाहा. जुन्या पगारावरून नवा पगार ठरवताना जी पद्धत लावली गेली, तिच्यात आधी हा रँक पे वजा केला गेला, उरलेल्या रकमेवर माणसाला नव्या श्रेणीत बसवलं आणि मग रँक पे जोडला गेला. आकडा घेऊन पाहू. समजा एका कॅप्टनचा हिशेब २८०० रुपयांवर आला. त्यातून २०० गेले, राहिले २६००. हा त्याचा मूळ पगार. मग त्यात रँक पे २०० मिळवा, झाले २८००. मिळायला हवे होते ३०००. उजव्या हाताने दिलं आणि डाव्या हाताने काढून घेतलं. पगाराच्या कागदावर 'रँक पे' असा स्वतंत्र रकाना दिसतो, त्यात आकडाही असतो, त्यामुळे कुणाला शंका येत नाही.

दोनशे रुपये म्हणजे काय, असं आज वाटेल. १९८६ साली दोनशे रुपयांना किंमत होती हा एक भाग. दुसरा भाग असा की मूळ पगार हा पायाचा दगड असतो. महागाई भत्ता त्याच्यावर, पेन्शन त्याच्यावर, ग्रॅच्युइटी त्याच्यावर, आणि दहा वर्षांनी पुढचा आयोग आला की त्याची बांधणीही त्याच्यावरच. पाया एक इंच खाली गेला की वरचे सगळे मजले तेवढेच खाली जातात. मी स्वतः कॅप्टन झालो तेव्हा पाचव्या आयोगाचे आकडे चालू होते आणि माझ्या स्लिपवर रँक पे ४०० रुपये येत असे. तो तिथे का आहे आणि कुठून आला हे आम्हा तरुण अफसरांपैकी कुणी विचारल्याचं मला आठवत नाही. खडकवासल्याला तीन वर्षं आणि देहरादूनला एक वर्ष आम्हाला नकाशा वाचायला शिकवतात, पगाराची स्लिप वाचायला नाही. मेसमध्ये पगाराबद्दल बोलणं तर अजूनही थोडं हलकंच समजलं जातं.

एका माणसाने मात्र ती स्लिप वाचली. मेजर ए. के. धनपालन यांनी १९९६ साली केरळ उच्च न्यायालयात याचिका दाखल केली. त्यांचं म्हणणं एका ओळीत मावणारं होतं: जे पगाराच्या वर द्यायचं आहे ते पगारातून वजा करता येत नाही. ५ ऑक्टोबर १९९८ रोजी एकसदस्यीय पीठाने ते मान्य केलं. सरकार अपिलात गेलं. ४ जुलै २००३ रोजी खंडपीठाने अपील फेटाळलं. सरकार दिल्लीला गेलं. १२ जुलै २००५ रोजी सर्वोच्च न्यायालयातही सरकारच्या पदरी काही पडलं नाही. एकोणीस वर्षांपूर्वी झालेली वजाबाकी चुकीची होती, हे तीन पायऱ्यांवर ठरलं.

मग पगार दुरुस्त झाला. मेजर धनपालन यांचा.

तीच वजाबाकी देशभरातल्या हजारो अफसरांच्या पगारात झालेली होती. तेच आयोगाचे आकडे, तोच हुकूम, तेच गणित. पण खटला एकाने लढवला होता, म्हणून निकाल एकाचा. इतरांचं काय, या प्रश्नावर कागदोपत्री उत्तर एकच असतं: ते याचिकाकर्ते नव्हते. आपल्याकडे 'मागेल त्याला शेततळे' अशी योजना होती. इथे 'मागेल त्यालाच' आहे, आणि मागायचं ते कोर्टात.

नियमात असं काही लिहिलेलं नाही, उलटच आहे. एकसारख्या स्थितीतल्या कर्मचाऱ्यांना एकसारखी वागणूक द्यावी आणि केवळ कोर्टात आला नाही म्हणून कुणाला वंचित ठेवू नये, हे सर्वोच्च न्यायालयाने २०१४ च्या अरविंद कुमार श्रीवास्तव खटल्यात सर्वसाधारण नियम म्हणून मांडलं आहे. अपवादही तिथेच सांगितला. वर्षानुवर्षं कुंपणावर बसून राहिला आणि दुसरा जिंकल्यावर उडी मारून आला, अशा माणसाला ते मिळेलच असं नाही. अपवाद वाजवी आहे. पण फाइल हातात असलेल्या कारकुनाला नियमापेक्षा अपवाद जवळचा वाटतो, कारण अपवादात पैसे वाचतात आणि ऑडिटवाला विचारायला येत नाही.

रँक पेच्या बाबतीत मग व्हायचं तेच झालं. निवृत्त अफसर एकत्र आले, रिटायर्ड डिफेन्स ऑफिसर्स असोसिएशन उभी राहिली, वेगवेगळ्या उच्च न्यायालयांत याचिका पडल्या आणि अखेर त्या सगळ्या सर्वोच्च न्यायालयात एकत्र आल्या. ८ मार्च २०१० रोजी न्यायमूर्ती मार्कंडेय काटजू आणि न्यायमूर्ती आर. एम. लोढा यांनी सांगितलं की केरळच्या निकालातली कारणं आम्हाला पटतात, तसाच लाभ सगळ्या संबंधित अफसरांना द्या, कोर्टात आलेले असोत वा नसोत, आणि १९८६ पासून सहा टक्के व्याजही द्या. सरकारने हा आदेश मागे घ्यावा म्हणून अर्ज केला. ४ सप्टेंबर २०१२ रोजी तीन न्यायमूर्तींच्या पीठाने मूळ आदेश कायम ठेवला, पण व्याज १ जानेवारी २००६ पासूनच, असं ठरवलं.

हा व्याजाचा बदल बातम्यांमध्ये अर्ध्या ओळीत आला होता. १९८६ च्या जानेवारीत कापल्या गेलेल्या त्या २०० रुपयांवर सहा टक्के सरळ व्याज वीस वर्षांचं धरा. २४० रुपये होतात, मुद्दलापेक्षा जास्त. सरकार जिंकलं नाही, पण हरण्याची किंमत बरीच खाली आली. उशीर करणाऱ्याला उशिराचा फायदा मिळाला, असं मी म्हटलं तर कायद्याचे जाणकार रागावतील, पण हिशेब तर तेच सांगतो.

२७ डिसेंबर २०१२ रोजी संरक्षण मंत्रालयाचा अंमलबजावणीचा आदेश निघाला आणि लगेच नवा वाद उभा राहिला. तो वाद शब्दाचा होता. फेरमांडणी '१-१-८६ रोजीची' की '१-१-८६ पासूनची'? 'रोजी' धरलं तर त्या एका दिवशी जो ज्या हुद्द्यावर होता त्याचीच दुरुस्ती. 'पासून' धरलं तर नंतर कॅप्टन, मेजर झालेल्यांचीही. मराठीत हा फरक तीन अक्षरांचा आहे. त्यावरून अवमान याचिका झाल्या. आणि थकबाकीचे हिशेब मांडायचे होते आपल्या पुण्यात, गोळीबार मैदानाजवळच्या अफसरांच्या पगार कार्यालयात. पंचवीस वर्षांपूर्वीच्या पगाराचा हिशेब करायचा म्हणजे त्या काळचे हातांनी लिहिलेले कागद काढायचे. ते काम ज्यांनी केलं त्यांच्याबद्दल मला सहानुभूतीच आहे.

रँक पेने आणखी एक विचित्र गोष्ट घडवली होती. मेजर जनरलला रँक पे नव्हता, ब्रिगेडियरला होता. पाचव्या आयोगानंतर, १९९६ पूर्वी निवृत्त झालेल्या मेजर जनरलची पेन्शन ९२०० रुपये आणि ब्रिगेडियरची ९५५० असा हिशेब निघाला. वरिष्ठाला कनिष्ठापेक्षा कमी! मग मेजर जनरलची पेन्शन ब्रिगेडियरच्या बरोबरीला आणून प्रकरण मिटवलं गेलं. म्हणजे एक बढती, एक फॉर्मेशनची जबाबदारी, आणि निवृत्तीनंतर फरक शून्य. मेजर जनरल एस. पी. एस. वैन्स आणि इतरांच्या खटल्यात ९ सप्टेंबर २००८ रोजी सर्वोच्च न्यायालयाने हे अमान्य केलं. एकाच हुद्द्यावरून निवृत्त झालेल्या दोघांत केवळ निवृत्तीच्या तारखेवरून भेद करता येणार नाही, असं कोर्ट म्हणालं.

तारखेवरून भेद नको, हा विचार त्याहून जुना आहे. त्यासाठी मागे जावं लागेल, आणि मराठी माणसाने मागे जायचं म्हटलं की वाटेत बिठूर लागणारच.

बिठूर कानपूरच्या शेजारी, इथून फार लांब नाही. १८१८ मध्ये दुसऱ्या बाजीरावाने माल्कमपुढे शस्त्र ठेवलं तेव्हा त्याला वर्षाला आठ लाखांहून कमी नाही अशी पेन्शन कबूल झाली होती, त्याच्या स्वतःच्या आणि त्याच्या कुटुंबाच्या निर्वाहासाठी. १८५१ च्या जानेवारीत बाजीराव वारला आणि डलहौसीने पेन्शन बंद केली. दत्तकपुत्र नानासाहेबाने अर्ज केले, अझीमुल्ला खानाला लंडनला पाठवलं. कंपनीचं म्हणणं, ती पेन्शन एका माणसाला होती. नानासाहेबाचं म्हणणं, 'कुटुंब' हा शब्द करारात आहे. कंपनीने ऐकलं नाही. दाद मागायची तर ज्याने बंद केली त्याच्याकडेच. ही राजकीय पेन्शन होती, नोकरीची नव्हे, हे मला माहीत आहे. पण पेन्शन म्हणजे सरकारची मेहेरबानी ही समजूत तिथून कायद्यात उतरलेली दिसते. १८७१ च्या पेन्शन कायद्याचं चौथं कलम सांगतं की सरकारने दिलेल्या पेन्शनबद्दलचा दावा दिवाणी न्यायालयाने ऐकायचा नाही. हा कायदा स्वातंत्र्यानंतरही पुस्तकात राहिला.

तो दरवाजा उघडायला १९७१ उजाडावं लागलं. बिहारच्या शिक्षण खात्यातले अधिकारी देवकीनंदन प्रसाद यांच्या खटल्यात घटनापीठाने सांगितलं की पेन्शन ही मालमत्ता आहे आणि ती सरकारच्या मर्जीवर अवलंबून नाही. पुढे ४४ व्या घटनादुरुस्तीने मालमत्तेचा मूलभूत हक्क गेला, पण २०१३ मध्ये झारखंडच्या एका खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने पुन्हा स्पष्ट केलं की पेन्शन ही कलम ३००-अ खालची मालमत्ता आहे आणि कायद्याच्या आधाराशिवाय ती काढून घेता येत नाही.

आणि मग १७ डिसेंबर १९८२. डी. एस. नकारा विरुद्ध भारत सरकार.

नकारा हे संरक्षण मंत्रालयाचे वित्तीय सल्लागार म्हणून १९७२ मध्ये निवृत्त झाले होते. फौजेच्या खर्चावर ज्यांनी नजर ठेवली त्यांच्याच नावाने फौजेचे पेन्शनर आज दिवस साजरा करतात, हा योगायोग मला आवडतो. त्यांच्यासोबत याचिकाकर्ती म्हणून एच. डी. शौरी यांची 'कॉमन कॉज' ही संस्था होती. झालं होतं असं: मे १९७९ मध्ये सरकारने पेन्शनचं सूत्र सुधारलं. पहिल्या १००० रुपयांवर ५० टक्के, पुढच्या ५०० वर ४५, उरलेल्यावर ४०. पण हे फक्त ३१ मार्च १९७९ रोजी किंवा नंतर निवृत्त होणाऱ्यांना. फौजेसाठी तारीख १ एप्रिल. म्हणजे ३० मार्चला खुर्ची सोडणारा जुन्या सूत्रात, ३१ मार्चला सोडणारा नव्या. दोघांनी तेवढीच वर्षं काढलेली, दोघांना महागाई तीच.

पाच न्यायमूर्तींच्या पीठाचे अध्यक्ष होते सरन्यायाधीश यशवंतराव चंद्रचूड, म्हणजे पुण्याचे, आणि पीठावर न्यायमूर्ती तुळजापूरकरही होते. निकाल लिहिला न्यायमूर्ती डी. ए. देसाई यांनी. पेन्शन ही बक्षिशी नाही, मालकाच्या लहरीवर मिळणारी भीक नाही. आयुष्याची उमेदीची वर्षं घेतली त्याचा तो राखून ठेवलेला मोबदला आहे, असा त्याचा सारांश. तारखेची भिंत घटनेच्या १४ व्या कलमात बसत नाही म्हणून पाडली गेली आणि सुधारित सूत्र जुन्यांनाही लागू झालं, मात्र १९७९ च्या त्या ठरलेल्या तारखेपासून. त्याआधीची थकबाकी नाही. देशभरातल्या पेन्शनर संघटना १७ डिसेंबरला पेन्शनर दिन पाळतात तो यामुळे.

नकारा म्हणजे सगळे प्रश्न मिटले, असं आमच्याकडच्या बऱ्याच निवृत्त मंडळींना वाटतं. तसं नाही. नंतरच्या निकालांनी त्याला बऱ्यापैकी कुंपण घातलं. १९९० मध्ये कृष्ण कुमार खटल्यात रेल्वेचे भविष्य निर्वाह निधीवाले आणि पेन्शनवाले हे दोन वेगळे वर्ग ठरले. १९९१ मध्ये इंडियन एक्स-सर्व्हिसेस लीगने थेट समान हुद्द्याला समान पेन्शन मागितली तेव्हा कोर्टाने सांगितलं की नकाराचा अर्थ सूत्र समान, रक्कम समान नव्हे. हे नीट कळून घेण्यासारखं आहे. १९८० साली निवृत्त झालेल्या हवालदाराला त्याच्या शेवटच्या पगाराच्या निम्मे आणि २००० साली निवृत्त झालेल्यालाही निम्मे, सूत्र एकच. पण निम्मे कशाचे? १९८० च्या पगाराचे निम्मे म्हणजे भाजीपाल्याचे पैसे. 'वन रँक वन पेन्शन'ची सगळी लढाई या 'कशाचे' भोवती झाली.

अफसरांच्या कहाण्या सांगून झाल्या. आता जवानाची सांगतो, कारण पोटाचा प्रश्न तिथे जास्त आहे.

धरमवीर सिंग १९८५ मध्ये सिग्नल्समध्ये भरती झाले. नऊ वर्षांनी फिट येण्याच्या आजारामुळे मेडिकल बोर्डाने त्यांना घरी पाठवलं. अपंगत्व २० टक्के, पण बोर्डाचा शेरा असा की आजार सेवेमुळे झाला नाही आणि सेवेने वाढलाही नाही. या शेऱ्याचं इंग्रजी लघुरूप फौजेत 'नाना' असं होतं. मराठी माणसाला त्यात दोनदा 'ना' ऐकू येतो आणि अर्थही तोच आहे. 'नाना' झालं की अपंगत्वाची पेन्शन नाही. आणि घरी पाठवलेल्याची पंधरा वर्षं भरलेली नसतात, म्हणून सेवेची पेन्शनही नाही.

२ जुलै २०१३ रोजी सर्वोच्च न्यायालयाने विचारलेला प्रश्न असा: भरतीच्या वेळी तुम्हीच याची तपासणी केली, कागदावर कुठलाही आजार नोंदवला नाही, मग आता तो घरून घेऊन आला असं म्हणता ते कशाच्या आधारावर? भरतीवेळी नोंद नसेल तर तो निरोगी होता असंच धरायचं, आणि उलट सिद्ध करायची जबाबदारी जवानावर नाही. जे भरतीच्या मैदानावर धावले आहेत, ज्यांचे दात मोजले गेले आहेत, त्यांना हा युक्तिवाद ऐकल्यावर वकील लागत नाही.

पुढच्या वर्षी, १० डिसेंबर २०१४ ला, राम अवतार आणि इतरांच्या खटल्यात सरकारची शेकडो अपिलं एकदम निकाली निघाली. ३१ जानेवारी २००१ च्या धोरणाने अपंगत्वाची टक्केवारी वर ओढून धरायची होती. पन्नासच्या खाली असेल तर पन्नास, पन्नास ते पंचाहत्तर असेल तर पंचाहत्तर, त्यावर शंभर. पण हे फक्त मुदतीआधी घरी पाठवलेल्यांना. गुडघा गेलेला असतानाही ज्याने पूर्ण नोकरी रेटली त्याला नाही. कोर्टाने हा भेद मोडला.

तरीही मागेल त्यालाच. एका निवृत्त सुभेदार काकांचा कागद मी गेल्या सुट्टीत पाहिला. अपंगत्व ३० टक्के, पूर्ण सेवा करून निवृत्त, म्हणजे हिशेब ५० टक्क्यांनी व्हायला हवा. निकालाबद्दल त्यांना कुणी सांगितलं नव्हतं. वाढीव पैसे आपोआप यावेत अशी त्यांची समजूत होती. "कोर्टानं सांगितलंय म्हटल्यावर सरकार देईलच की," असं ते म्हणाले. आयुष्यभर हुकूम आला की तो पाळायचा एवढंच ज्यांनी केलं, त्यांना दुसरा कुणी हुकूम पाळत नाही हे खरंच वाटत नाही.

उशिराची शिक्षाही आहे. तरसेम सिंग यांना १९८३ मध्ये घरी पाठवलं होतं, ते कोर्टात गेले १९९९ मध्ये. २००८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ठरवलं की पेन्शन दर महिन्याची बाब असल्यामुळे हक्क मरत नाही, पण थकबाकी मिळेल ती याचिकेच्या आधीच्या तीन वर्षांचीच. म्हणून ओळखीच्या प्रत्येकाला मी एकच सांगतो. निकाल ऐकला की त्याच आठवड्यात लेखी अर्ज द्या, जिल्हा सैनिक कल्याण कार्यालयातून द्या, पोच घ्या. मिळेल की नाही हा पुढचा प्रश्न. तारीख तरी कागदावर येते.

सरकारची बाजूही सांगायला हवी. पैसा करदात्याचा आहे, आणि एका मेजरचे २०० रुपये मान्य केले की ते हजारोंचे होतात, हे वित्त खात्याला दिसतं तसं मेसमधून दिसत नाही. आयोगाच्या शिफारशीचा अर्थ लावताना दोन मतं असू शकतात. पहिल्या अपिलापर्यंत मला काही गैर वाटत नाही. पण तोच मुद्दा तीन कोर्टांत हरल्यावर शेजारच्या माणसाशी तोच मुद्दा पुन्हा पहिल्यापासून लढवणं, ही काटकसर नाही. मनोहर पर्रीकर संरक्षणमंत्री असताना त्यांना हे खटकलं होतं. २०१५ मध्ये त्यांनी सेवा आणि पेन्शनचे खटले कमी करण्यासाठी तज्ज्ञांची समिती नेमली, तिच्यात निवृत्त जनरलही होते आणि कोर्टात अशा केसेस चालवणारे वकीलही. समितीने ७५ शिफारशी केल्या. आपल्याच सैनिकांविरुद्ध अपिलं कमी करा, हा त्यांचा एक मोठा सूर होता. अपंगत्वाच्या पेन्शनचे दावे आजही कोर्टात उभे आहेत, त्यावरून किती पाळल्या गेल्या याचा अंदाज वाचकांनी करावा.

पूर्वी यासाठी उच्च न्यायालयात जावं लागे. ऑगस्ट २००९ पासून सशस्त्र सेना न्यायाधिकरण आहे, मुंबईलाही त्याचं पीठ आहे. साताऱ्याहून मुंबई जवळ, हा फायदा लहान नाही.

शेवटी 'वन रँक वन पेन्शन'. जंतरमंतरवरच्या आंदोलनानंतर ७ नोव्हेंबर २०१५ ला ते आलं, १ जुलै २०१४ पासून लागू, दर पाच वर्षांनी फेरआढावा. माजी सैनिकांचं म्हणणं, पाच वर्षं का, फरक आपोआप मिळायला हवा. १६ मार्च २०२२ चा निकाल लिहिला न्यायमूर्ती धनंजय चंद्रचूड यांनी. ज्या वडिलांच्या अध्यक्षतेखाली नकाराचा निकाल झाला, त्यांच्या मुलाने चाळीस वर्षांनी सांगितलं की नकारातून 'वन रँक वन पेन्शन'चा हक्क निघत नाही. हे धोरण आहे आणि धोरणाची तारीख सरकारने ठरवावी. मात्र धोरणात पाच वर्षं लिहिली आहेत ना, मग १ जुलै २०१९ पासूनची फेरमांडणी तीन महिन्यांत करा.

तीन महिन्यांचे नऊ झाले. डिसेंबर २०२२ मध्ये मंत्रिमंडळाची मंजुरी आली, आणि थकबाकी हप्त्याने द्यायची की एकदम यावर पुन्हा कोर्ट. २० मार्च २०२३ रोजी सरकारने बंद लिफाफ्यातली टिपणी पुढे केली, ती सरन्यायाधीशांनी घेतली नाही आणि तारखाच बांधून दिल्या. कुटुंब पेन्शनवाल्या आणि शौर्यपदक विजेत्यांना ३० एप्रिलपर्यंत. सत्तरी ओलांडलेल्यांना ३० जूनपर्यंत. बाकीच्यांना तीन समान हप्त्यांत: ३१ ऑगस्ट, ३० नोव्हेंबर आणि २८ फेब्रुवारी २०२४. आधी विधवा, मग म्हातारे, मग बाकीचे. फौजेत जखमींना हलवताना जशी क्रमवारी लावतात तशी ही क्रमवारी आहे, आणि माझ्या मते या सगळ्या इतिहासातला तो सर्वात समजूतदार कागद आहे.

तो आदेश मी मराठीत लिहून आमच्या भागातल्या माजी सैनिकांच्या ग्रुपवर टाकला होता. पहिला प्रश्न आला एका मराठा लाइट इन्फंट्रीच्या नाईककडून, १९७१ ची लढाई पाहिलेल्या: "साहेब, सत्तर वर्षं धरायची ती शाळेच्या दाखल्याची का भरतीच्या वेळी सांगितली होती त्या तारखेची?" मी त्यांना पीपीओवरची तारीख बघायला सांगितली.